कथेत उपरोध कसा बांधावा : तयारी, टप्प्यांचा क्रम आणि नेहमी होणाऱ्या चुका

नव्याने कथा लिहिणाऱ्यांची हस्तलिखिते वाचताना मला एक चूक वारंवार आढळते. लेखकाला एखादे तिरकस वाक्य सुचते, ते त्याला आवडते आणि मग त्या वाक्याला जागा मिळावी म्हणून तो भोवती कथा उभी करतो. वाचकाला अशा कथेतून लेखक कोणावर चिडला आहे एवढे कळते; मात्र कथेतली विसंगती त्याला स्वतःला जाणवत नाही. उपरोधाचे काम नेमके उलट्या क्रमाने करावे लागते. आधी अर्थ, मग रचना, मग पेरणी आणि सर्वांत शेवटी वाक्य. पुढील टप्पे त्याच क्रमाने दिले आहेत आणि ते त्याच क्रमाने पाळावेत, कारण मधला एखादा टप्पा गाळला तर त्याची भरपाई पुढे भाषेच्या जोरावर करता येत नाही.

सगळे टप्पे एकाच उदाहरणावर दाखवता यावेत म्हणून एक सराव-कथा घेऊ. नाना हे एका सहकारी बँकेतून निवृत्त झालेले कारकून आहेत. पैसे काढण्याच्या स्लिपवरची सही खातेदाराच्या नमुना सहीशी जुळते की नाही हे पाहणे, हे त्यांचे एकतीस वर्षांचे काम. आता त्यांचा हात थरथरतो. ते स्वतःच्या खात्यातून पैसे काढायला जातात आणि त्यांची सही जुळत नाही. कथेचे नाव आपण ‘नमुना सही’ असे ठेवू.

## पूर्वतयारी : शब्दांचा गोंधळ आधी मिटवावा

बोललेले आणि अभिप्रेत असलेले, अपेक्षिलेले आणि घडलेले, किंवा पात्राला ठाऊक असलेले आणि वाचकाला ठाऊक असलेले, यांच्यात जे अंतर पडते आणि ज्याचा अर्थ वाचकाला स्वतः लावावा लागतो, त्या अंतरातून उपरोध निर्माण होतो. टोमणा समोरच्याला लागावा म्हणूनच मारलेला असतो आणि तो लागला की त्याचे काम संपते. उपहासात हसण्याचा विषय आधीच ठरलेला असतो. विडंबनाला मूळ रचना लागते आणि ती वाचकाला माहीत असावी लागते. या तिन्हींत उपरोध असू शकतो, पण यांपैकी एकही उपरोधाचा पर्यायी शब्द नाही.

शाळेत शिकलेल्या अलंकारांमुळे आणखी एक गोंधळ होतो. व्याजस्तुती, म्हणजे वरून स्तुती आणि आतून निंदा किंवा त्याच्या उलट, ही शाब्दिक उपरोधाच्या जवळची आहे. व्याजोक्ती मात्र वेगळी. डोळ्यांत पाणी का आले असे विचारल्यावर चुलीच्या धुराकडे बोट दाखवणारी सून व्याजोक्ती करते, कारण ती खरे कारण लपवून दुसरे कारण पुढे करते. तेथे उपरोध नाही. वक्रोक्ती हा शब्दही जपून वापरावा. संस्कृत काव्यशास्त्रकार कुंतकाने तो काव्याच्या एकूण सौंदर्यासाठी योजला. त्याच परंपरेतील मम्मटाने त्याचे श्लेषवक्रोक्ती, म्हणजे शब्दाच्या दोन अर्थांवर उभी असलेली, आणि काकुवक्रोक्ती असे दोन प्रकार मानले. यांपैकी काकू, म्हणजे आवाजातला फेर, आपल्याला सहाव्या टप्प्यात लागणार आहे.

तपासणी : आपल्या कथेतील ज्या जागेला आपण उपरोध म्हणत आहोत, तेथे नेमके कोणत्या दोन गोष्टींत अंतर आहे हे एका दमात सांगता येते का? ‘तसा सूर आहे’ असे उत्तर येत असेल तर ती जागा अजून तयार झालेली नाही.

## टप्पा १ : मनातला अर्थ सरळ वाक्यात लिहून ठेवावा

कथेचा पहिला शब्द लिहिण्याआधी वेगळ्या कागदावर एक वाक्य लिहावे. त्यात उपमा नको, तिरकसपणा नको, चातुर्य नको. लेखकाला जे खरोखर म्हणायचे आहे तेवढेच असावे. ‘नमुना सही’साठी ते वाक्य असे होईल : ‘माणसाचे पैसे सुरक्षित राहावेत म्हणून केलेला नियम माणसाकडे न पाहता राबवला, तर तोच नियम त्याला त्याच्या पैशांपासून दूर ठेवतो.’

हा टप्पा बहुतेक जण टाळतात. सरळ वाक्य लिहिले की कथेतली गंमत जाते, असे त्यांना वाटते. माझा अनुभव उलट आहे. ज्या लेखकाला सरळ वाक्य लिहिता येत नाही, त्याच्या कथेतला उपरोध सगळ्यांवरच घसरतो : नियमावर, नियम पाळणाऱ्यावर, नियमाने त्रासलेल्यावर आणि शेवटी वाचकावरही. उपरोधामागे ठाम मत असावे लागते. ते कथेत उच्चारले जात नाही, पण कथेतील प्रत्येक निवड त्याच्या आधाराने होते.

सावधान : हे वाक्य कथेत कोठेही घालू नये, कोणत्याही पात्राच्या तोंडी देऊ नये आणि शेवटच्या परिच्छेदात तर मुळीच आणू नये. तो कागद बाजूला जपून ठेवावा. अखेरच्या टप्प्यात तो पुन्हा लागेल.

## टप्पा २ : अंतर कोठे ठेवायचे ते ठरवावे

अंतर तीन ठिकाणी ठेवता येते. ते शब्दांत असले तर शाब्दिक उपरोध, घटनेत असले तर परिस्थितिगत उपरोध आणि माहितीत असले, म्हणजे वाचकाला किंवा प्रेक्षकाला ठाऊक असलेले पात्राला ठाऊक नसले, तर नाट्यगत उपरोध. एका कथेत तिन्ही येऊ शकतात, पण त्यांपैकी एकालाच मुख्य मानावे.

सर्वाधिक चुका परिस्थितिगत उपरोधात होतात, कारण दुर्दैव, योगायोग आणि उपरोध हे तिन्ही एकच समजले जातात. मुलाखतीच्या दिवशी एसटी चुकणे हे दुर्दैव आहे. एसटी स्थानकावर वेळापत्रकाचे फलक रंगवणाऱ्या पेंटरचीच एसटी चुकणे हा लक्षवेधी योगायोग आहे. त्याने स्वतः फलकावर चुकीची लिहिलेली वेळ वाचून त्याची एसटी चुकणे हा उपरोध आहे. पहिल्यापासून तिसऱ्यापर्यंत जाताना काय बदलले ते नीट पाहावे : माणसाची स्वतःची कृती फळाला आली. परिस्थितिगत उपरोधात पात्राच्या हातून घडलेली गोष्ट उलटून त्याच्याकडे यावी लागते.

या कसोटीवर ‘नमुना सही’चे बीज अजून कच्चे आहे. नानांची सही जुळली नाही, एवढ्याने काम होत नाही. त्यांनी पूर्वी कोणाची तरी सही, हात थरथरतो हे डोळ्यांनी दिसत असूनही, नाकारलेली असली पाहिजे. म्हणून एक म्हातारी कथेत आणू. ती तिसऱ्यांदा सही करून आणते आणि नाना तिसऱ्यांदा स्लिप परत करतात. तिला नियम सांगताना ते उद्धट नसतात. त्यांचा आवाजही चढत नाही. पुढच्या सगळ्या कथेचे वजन या प्रसंगावर आहे.

## टप्पा ३ : कोणाला काय ठाऊक आहे, याचा तक्ता करावा

माझ्या मते हा सर्वांत महत्त्वाचा टप्पा आहे आणि तोच सर्वांत कमी वेळा केला जातो. कागदावर तीन रकाने आखावेत : पात्र, निवेदक आणि वाचक. डाव्या बाजूला कथेतील प्रसंग क्रमाने लिहावेत. मग प्रत्येक प्रसंगाच्या शेवटी या तिघांपैकी कोणाला काय ठाऊक झालेले आहे ते भरावे. उपरोध फक्त तेथेच निर्माण होऊ शकतो, जेथे या रकान्यांतील नोंदी एकमेकींहून वेगळ्या आहेत. तिन्ही रकाने सारखेच भरले जात असतील तर तेथे शोक असेल, विनोद असेल, राग असेल, उपरोध नसेल.

वाचकाला आगाऊ माहिती मिळते ती दोन मार्गांनी. एक मार्ग म्हणजे वाचकाला गोष्ट आधीच ठाऊक असणे. सोफोक्लीजच्या नाटकात राजा इडिपस आपल्या आधीच्या राजाच्या मारेकऱ्याला जाहीर शाप देतो, तेव्हा मारेकरी तो स्वतःच आहे हे ग्रीक प्रेक्षकांना दंतकथेतून माहीत असते. आपल्याकडे कर्णाची कथा सांगणाऱ्या कीर्तनकाराला हीच सोय मिळते. कर्ण पांडवांविषयी जे कठोर बोलतो ते आपल्या भावांविषयी बोलतो आहे, हे समोर बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक असते आणि कीर्तनकाराला त्यासाठी एक शब्दही खर्च करावा लागत नाही. स्वतंत्र कथा लिहिणाऱ्याला ही सोय नसते. त्याला दुसरा मार्ग घ्यावा लागतो आणि वाचकाला कळायला हवे ते कथेच्या आतच, पात्राचे लक्ष नसताना, दाखवावे लागते.

‘नमुना सही’त नानांचा थरथरता हात वाचकाला आधी दिसला पाहिजे आणि नानांनी तो स्वतःपासून लपवलेला असला पाहिजे. म्हणून पहिल्याच प्रसंगात ते चहा कपाने न पिता बशीत ओतून पितात. सुनेला वाटते, ही जुनी सवय. नानाही तसेच म्हणतात. वाचकाला फक्त बशी ठेवल्यावर ओट्यावर उमटलेले चहाचे ओले वर्तुळ दिसते. तक्त्यात या प्रसंगापुढे असे लिहिले जाईल : सुनेला काही ठाऊक नाही, नानांना ठाऊक आहे, पण ते मान्य करत नाहीत, निवेदक फक्त बशी आणि ओटा सांगतो, वाचकाला शंका येते.

नेहमीची चूक : वाचकाला माहिती फार उशिरा देणे. शेवटच्या ओळीत गुपित फोडून धक्का देणे हे वेगळे तंत्र आहे. धक्क्यासाठी वाचक अनभिज्ञ असावा लागतो. नाट्यगत उपरोधासाठी तो जाणता असावा लागतो. दोन्ही एकाच जागी साधायला गेले की वाचक मागे जाऊन पाने चाळतो आणि कथेतून बाहेर पडतो.

सावधान : तक्ता भरताना सर्वांत कमी ठाऊक असलेले पात्र कोण आहे ते पाहावे. ते पात्र कथेतील सर्वांत दुबळे, निरक्षर किंवा परावलंबी असेल आणि कथेचा रोख त्याच्या न कळण्यावर असेल, तर उपरोधाच्या नावाखाली आपण त्याची टिंगल करत आहोत. बोलीत बोलणाऱ्या म्हातारीचे शब्द हसू आणण्यासाठी वापरले जात असतील तर तो प्रसंग नव्याने लिहावा. आपल्या कथेत न कळण्याची जबाबदारी नानांकडे आहे, कारण अधिकार त्यांच्याकडे होता.

## टप्पा ४ : निवेदक निवडावा आणि त्याला शेवटपर्यंत टिकवावे

निवेदक कथेतील अंतर ओळखतो की नाही, हे आता ठरवायचे. दोन पर्याय आहेत आणि दोन्ही चांगले आहेत. चूक होते ती मधेच एकातून दुसऱ्यात सरकण्याने.

पहिला पर्याय म्हणजे ज्याला काहीच खटकत नाही असा निवेदक. त्याचे सर्वांत अभ्यासण्याजोगे उदाहरण जोनाथन स्विफ्टचे ‘अ मॉडेस्ट प्रपोजल’ हे १७२९ सालचे इंग्रजी पत्रक आहे. आयर्लंडमधील गरिबीवर उपाय म्हणून त्यातला निवेदक गरिबांची वर्षभराची मुले खाद्य म्हणून विकण्याची योजना मांडतो. तो अतिशय पद्धतशीर आहे. दरसाल गरिबांच्या घरी १,२०,००० मुले जन्मतात, त्यांपैकी २०,००० पुढील पैदाशीसाठी राखावीत आणि उरलेली १,००,००० विक्रीस काढावीत, असा हिशोब तो कारकुनी शांतपणे देतो. त्याचा सूर एकदाही ढळत नाही.

मग स्विफ्टचे स्वतःचे म्हणणे वाचकाला कळते कसे? पत्रकाच्या उत्तरार्धात निवेदक इतर उपायांची यादी देतो : देशाबाहेर राहणाऱ्या जमीनदारांवर कर बसवावा, देशात तयार झालेलाच माल वापरावा, जमीनदारांनी कुळांविषयी थोडी तरी दया बाळगावी, इत्यादी. आणि असल्या उपायांविषयी आपल्याशी कोणी बोलू नये, असे तो बजावतो. ज्या गोष्टी निवेदक नाकारतो त्यांच्यातच लेखकाचे खरे मत आहे. हे तंत्र प्रत्येकाने आत्मसात करावे. ज्याला काही खटकत नाही असा निवेदक घेतला तर लेखकाच्या खऱ्या मताला रचनेत कोठे तरी एक निश्चित जागा द्यावीच लागते, नाही तर निवेदकाचे बोलणे हेच लेखकाचे मत समजले जाते आणि तसे समजणाऱ्या वाचकाला दोष देता येत नाही.

दुसरा पर्याय म्हणजे सगळे पाहणारा, पण न बोलणारा तृतीयपुरुषी निवेदक. ‘नमुना सही’साठी मी हा घेईन. नाना स्वतः निवेदक झाले तर थरथरत्या हाताविषयी त्यांना एक तर कबुली द्यावी लागेल किंवा खोटे बोलावे लागेल, आणि कथेचा विषय नियमावरून नानांच्या स्वभावाकडे वळेल.

तपासणी : कथेतील पहिले, मधले आणि शेवटचे पान शेजारी ठेवून वाचावे. पहिल्या पानावर ज्याला काही कळत नाही असा निवेदक शेवटच्या पानावर शहाणा झालेला असेल, तर ते शहाणपण लेखकाचे आहे आणि ते काढून टाकावे.

## टप्पा ५ : पेरणी करावी

शेवटी उलटून येणारी प्रत्येक गोष्ट आधी एकदा, सहजपणे आणि दुसऱ्याच कारणासाठी कथेत येऊन गेलेली असावी. ‘दुसऱ्याच कारणासाठी’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. फक्त पुढे लागणार म्हणून आणलेली वस्तू वाचकाच्या लगेच लक्षात येते.

विजय तेंडुलकरांचे ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या दृष्टीने पुन्हा वाचावे. नाटक मंडळीतल्या लीला बेणारे आणि गावातला सामंत हे दोघे प्रयोगाच्या जागी सर्वांच्या आधी येतात. दाराच्या कडीत तिचे बोट चेमटते. ही कडी नीट सरकवली नाही तर दार बाहेरून लागते, असे सामंत सहज सांगतो. त्या क्षणी हे बोलणे दोन अनोळखी माणसांमधले किरकोळ बोलणे असते आणि कडीचा उल्लेख त्यांची ओळख वाढवण्याच्या कामी येतो. पुढे वेळ घालवण्यासाठी खोट्या खटल्याचा खेळ सुरू होतो, बेणारेला आरोपी केले जाते, खेळ तिच्या खऱ्या आयुष्यात शिरतो आणि ती उठून जाऊ पाहते, तेव्हा दार बाहेरून लागलेले असते. कोणी ते मुद्दाम लावलेले नसते. प्रेक्षकाला मात्र सामंताचे वाक्य आठवते आणि त्याच्या लक्षात येते की आपल्याला हे सांगितलेले होते.

‘नमुना सही’त तीन गोष्टी पेरायच्या आहेत. बशी आधीच आली. म्हातारीचा प्रसंग नानांच्या निवृत्तीच्या निरोप समारंभात येईल आणि तोही कौतुक म्हणून. शाखाधिकारी भाषणात सांगतील की नानांच्या नजरेतून एकही सही सुटली नाही, एका आजींना तर त्यांनी तीनदा परत पाठवले. त्यावर सगळे हसतील आणि नानाही हसतील. तिसरी गोष्ट म्हणजे काउंटरवरची नवी मुलगी. तिला काम नानांनीच शिकवलेले असेल : आधी सही पाहायची, मग माणूस.

नेहमीची चूक : पेरलेली गोष्ट पुन्हा पुन्हा दाखवणे. बशी एकदा आली की पुरे. दुसऱ्यांदा आली तर ती सूचना होते आणि तिसऱ्यांदा आली तर लेखकाचा वाचकावर विश्वास नाही हे उघड होते.

## टप्पा ६ : आता वाक्ये लिहावीत

बोलताना उपरोध आवाजातून कळतो. ‘फार छान केलेस’ हे वाक्य शाबासकीचे आहे की रागाचे, हे काकू ठरवते. कागदावर आवाज नसतो. ही उणीव भरून काढण्यासाठी नवे लेखक उद्गारचिन्हे, अवतरणचिन्हे आणि ‘वा!’, ‘काय म्हणावे!’ यांसारखे शब्द वापरतात. एक नमुना पाहावा :

‘वा! काय हा दैवाचा खेळ! ज्या नानांनी आयुष्यभर लोकांच्या सह्या नाकारल्या, त्याच नानांची सही आज बँकेने मोठ्या “सन्मानाने” नाकारली!’

येथे वाचकासाठी काहीच उरलेले नाही. अंतर लेखकाने मोजले, त्याचे नाव सांगितले आणि त्यावर प्रतिक्रियाही स्वतःच दिली. तोच प्रसंग असा लिहिता येईल :

‘मुलीने नमुना सहीचे कार्ड काढून स्लिपशेजारी ठेवले. एकदा इकडे, एकदा तिकडे पाहिले. “आजोबा, सही जुळत नाही,” ती म्हणाली. नानांनी चष्मा पुसला, काचेच्या फटीतून वाकून दोन्ही सह्या पाहिल्या. “नाही जुळत,” ते म्हणाले.’

दुसऱ्या उताऱ्यात एकही तिरकस शब्द नाही. नानांचे ‘नाही जुळत’ हे शब्द एका चांगल्या कारकुनाचे प्रामाणिक उत्तर आहेत आणि म्हणूनच ते जड आहेत. उपरोधाची जागा जितकी महत्त्वाची, तितकी तेथील भाषा साधी ठेवावी, हा नियम मी जवळजवळ अपवाद न करता पाळतो.

तरीही मराठीत आवाजाचा फेर कागदावर आणणारी काही स्वतःची साधने आहेत, आणि ती उद्गारचिन्हापेक्षा कितीतरी सूक्ष्म आहेत.

पहिले साधन म्हणजे आदरार्थी बहुवचन. रात्री उशिरा घरी आलेल्या मुलाला आई ‘या, महाराज’ म्हणते, तेव्हा वचन बदलल्यानेच सगळे कळते. कथेत हे साधन चालते ते केवळ बदलामुळे. निवेदकाने एखाद्या पात्राचा उल्लेख आधी एकवचनी केला असेल, तरच अचानक आलेले ‘ते’ आणि ‘त्यांनी’ टोचते. नानांसारख्या ज्येष्ठाचा उल्लेख पहिल्यापासून बहुवचनी असल्याने तेथे हे साधन निरुपयोगी आहे.

दुसरे साधन म्हणजे ‘म्हणे’. ‘सरपंचांनी रस्ता केला’ आणि ‘सरपंचांनी म्हणे रस्ता केला’ यांत दोन अक्षरांनी साक्षीदार बदलतो. मात्र ‘म्हणे’ उच्चारणारा निवेदक शंका घेतो आहे हे उघड होते. म्हणून ज्याला काही खटकत नाही अशा निवेदकाच्या तोंडी तो शब्द कधीही घालू नये. ही चूक फार सूक्ष्म आहे आणि चांगल्या लेखकांकडूनही होते.

तिसरे साधन म्हणजे भाषेचे दोन थर शेजारी ठेवणे. कार्यालयीन मराठी यासाठी फार उपयोगी पडते, कारण तिच्यात कर्ता नाहीसा होतो. मुलगी नानांना ‘आजोबा’ म्हणते, पण स्लिपच्या मागे शेरा लिहिते : ‘सदर खातेदाराची सही नमुन्याशी जुळत नसल्याने रक्कम अदा करता येत नाही.’ ‘आजोबा’ आणि ‘सदर खातेदार’ एकाच पानावर आले की निवेदकाला काही सांगावे लागत नाही. रंगभूमीवर हेच तत्त्व मोठ्या प्रमाणावर पाहायचे असेल तर १९७२ साली रंगमंचावर आलेल्या ‘घाशीराम कोतवाल’मध्ये भक्तीची धून आणि लावणी एकमेकींना खेटून कशा येतात ते पाहावे.

तपासणी : मसुद्यातील सर्व उद्गारचिन्हे आणि संवादाव्यतिरिक्तची सर्व अवतरणचिन्हे काढून तो मोठ्याने वाचावा. त्यानंतरही अंतर जाणवत असेल तर ती चिन्हे परत घालू नयेत. जाणवत नसेल तर दोष चिन्हांचा नाही, तिसऱ्या टप्प्यातल्या तक्त्याचा आहे.

## टप्पा ७ : शेवट घडवावा, समजावू नये

उपरोधाच्या कथेचा शेवट पात्रांच्याच तर्काने आलेला असावा. पुन्हा तेंडुलकरांच्या त्या नाटकाकडे येऊ. बेणारेवर खोट्या खटल्यात आरोप ठेवला जातो तो भ्रूणहत्येचा. खटल्याच्या ओघात ती खरोखरच गरोदर असल्याचे बाहेर येते आणि न्यायाधीश झालेला काशीकर जो निवाडा देतो त्यात तिच्या पोटातला गर्भ नष्ट करावा असे फर्मावतो. ज्या कृत्याचा गुन्हा म्हणून खटला सुरू झाला, त्याच कृत्याची शिक्षा म्हणून आज्ञा होते. काशीकरला यात विसंगती दिसत नाही आणि रंगमंचावरचे कोणीही ती बोलून दाखवत नाही. आरोप आणि निवाडा एवढेच प्रेक्षकापुढे ठेवलेले आहे. मी हे नाटक पुन्हा पुन्हा वाचले आहे आणि प्रत्येक वेळी या जागेवर थांबतो, कारण संपूर्ण न्यायव्यवस्थेवर आणि नैतिकतेच्या देखाव्यावर जे म्हणायचे ते येथे एकही शब्द न वापरता म्हटलेले आहे.

‘नमुना सही’चा शेवट लिहिताना तीन मोह होतील. नानांना म्हातारीची आठवण काढून रडवणे हा पहिला. मुलीला क्रूर करणे हा दुसरा; ती क्रूर झाली की दोष तिचा ठरतो आणि नियम सुटतो. तिसरा मोह म्हणजे शाखाधिकाऱ्याने धावत येऊन नानांना ओळखणे आणि पैसे देणे. हा शेवट गोड असला तरी तो पहिल्या टप्प्यातील वाक्याच्या विरुद्ध जातो, कारण मग ओळख असलेल्यासाठी नियम वाकतो आणि म्हातारी तशीच राहते.

माझ्या मते नानांनी दुसरी स्लिप मागावी. मग तिसरी. तिसरी घेताना ते बाकावर बसतील, हात टेकवायला जागा शोधतील आणि मुलगी पुढच्या खातेदाराला हाक मारेल. म्हातारीने किती स्लिपा भरल्या होत्या हे वाचकाला निरोप समारंभाच्या भाषणातून ठाऊक आहे. तेवढ्यावर थांबावे.

## टप्पा ८ : दुसऱ्याकडून वाचून घ्यावे

कथा दोन जणांना द्यावी. त्यांपैकी एक जण आपल्या मतांशी परिचित नसलेला असावा. घरच्यांना आणि मित्रांना आपला सूर ओळखीचा असतो, त्यामुळे कागदावर नसलेला आवाजही त्यांना ऐकू येतो. कथा देताना तिच्यात उपरोध आहे हे सांगू नये.

वाचून झाल्यावर ‘आवडली का’ असे विचारू नये. ‘नानांची चूक कोणती होती’ आणि ‘मुलीची चूक कोणती होती’ हे दोन प्रश्न विचारावेत आणि उत्तरे लिहून घ्यावीत. मग पहिल्या टप्प्यातला तो कागद काढून उत्तरांशेजारी ठेवावा. वाचकाचे शब्द वेगळे असले तरी दिशा तीच असेल तर कथा तयार आहे. मुलीने नियम पाळला म्हणून ती शहाणी आणि नानांनी हट्ट केला, असे वाचक म्हणाला, तर त्याला समजावत बसू नये. म्हातारीचा प्रसंग पुन्हा वाचावा. बहुधा निरोप समारंभातल्या हशात तिचा थरथरता हात दिसायचा राहून गेलेला असतो, आणि भाषणात एकाच वाक्याची भर घालून तो दाखवता येतो : आजी सही करताना डाव्या हाताने उजवे मनगट धरून ठेवायच्या.

ही भर घातल्यावर कथा तिसऱ्या, नव्या वाचकाला द्यावी. आधीच्या दोघांना आता उत्तर ठाऊक झालेले असते.